रामफळाशेजारचं सीताफळ

मंडळी, आज सकाळी आमच्या सूनबाईनं दारात आलेला जेसीबी परत पाठवला, आणि मी सकाळपासून भेटेल त्याला तेच सांगत सुटलेय!

मुलाला बेदाण्याची शेड वाढवायची होती. आड येत होतं फक्त सीताफळाचं झाड. शेजारचं रामफळ जागेवरच राहणार होतं.

ते सीताफळ मी लावलेलं. एकाहत्तरला लग्न होऊन तासगावात आले, तेव्हा दारात रामफळ एकटंच उभं होतं. माझ्या माहेरी, म्हसवडला, रामफळ एकटं ठेवत नसत. म्हणून मी माहेराहून सीताफळाचं रोप आणलं. बहात्तरच्या दुष्काळात त्याला भांडी धुतलेलं पाणी घालायची. मालक फौजेत, लांब सरहद्दीवर. सासरे ओरडायचे, "माणसाला पाणी न्हाई आन् झाडाला घालतीस व्हय?"

मी म्हणायची, "आवं मामंजी, जोडी मोडाय नगं."

आज मी तोंड उघडायच्या आत सून पुढं झाली. नवऱ्याला म्हणाली, "आवं, रामाच्या घरातनं सीतेला एकदा भाईर काढली, तेवढं बास झालं. ह्या घरातनं ती न्हाई जायची."

मुलानं लगेच चपलेनं चुन्याची रेघ पुसली आणि शेड आखूड करून नवी आखली.

पन्नास वर्षं मी त्या झाडाला पाणी घातलं, पण असं बोलायचं मला कधी सुचलं नाही. माझ्या सुनेला सुचलं!

तुमच्या दारात रामफळ आहे का? मग शेजारी कोण आहे, तेवढं बघून सांगा.