अकरा जणांचे डोळे

बाईंनी तिला पहिल्यांदा नीट पाहिलं ते फोटो स्टुडिओत. यजमान जाऊन पंधरा दिवस झाले होते. बाईंच्या पिशवीत ऑफिसातल्या निरोप समारंभाचा एक ग्रुप फोटो होता. त्यात सगळे हसत होते आणि नेमके यजमानांचेच डोळे मिटलेले होते. दुसरा धड फोटो घरात नव्हता. कॅमेऱ्याचं त्यांना वावडंच होतं.

"साइज?" मालकांनी विचारलं.

मागे बसलेल्या सडसडीत मुलीने फोटो घेतला आणि भिंगातून बराच वेळ पाहिला. "काका चिडले की कसे बघायचे?"

गेल्या पंधरा दिवसांत बाईंना असलं काही कुणी विचारलं नव्हतं. "चिडायचे नाहीत फारसे," त्या म्हणाल्या. "वर्तमानपत्रावरून नुसते बघायचे."

"डोळे उघडून देते," मुलगी म्हणाली.

आठवड्याने फोटो आला. डोळे उघडे, शांत. नणंद तो पाहून रडलीच. "दादा अगदी अस्साच बघायचा." मग बाईंनाही तसंच वाटू लागलं. सकाळचा चहा त्या फोटोसमोर बसून घेत आणि विजेच्या बिलापासून गुडघेदुखीपर्यंत सगळं त्याच्या कानावर घालत.

स्टुडिओत त्या मुलीला सगळे भिंगच म्हणत. ती तीन वर्षांची असताना आईवडील अपघातात गेले. पुढे मावशीने वाढवलं. घर बदलताना फोटोंची पेटी कुठेतरी राहून गेली, त्यामुळे आईचा चेहरा तिला ठाऊकच नव्हता. "तुझ्यासारखीच होती," एवढंच मावशी सांगे.

दिवसभर ती गेलेल्या माणसांच्या कॉलरी सरळ करी, गालांवरचे डाग पुसून काढी. संध्याकाळी स्वतःचं काम. कापडावर चेहरे शिवायची, लोकांच्या जिन्यांवरची पावलं टेप करायची, मग ती पावलं ऐकत चित्रं काढायची. बाईंचा जिनाही तिने टेप केला होता. त्या निमित्ताने चहाला येऊ लागली.

"धड चित्रकार नाही, धड शिंपीण नाही," मावशी बाईंपुढे कुरकुरे. "कुणी विचारलं तर सांगू काय?"

"सांग, अजून ठरतंय म्हणून," ती म्हणे.

चार वर्षांनी तिला वाचनालयाच्या वरची खोली प्रदर्शनासाठी मिळाली. तिचं पहिलंच प्रदर्शन. त्या आठवड्यात ती बाईंकडे आली आणि समोरचा चहा तसाच राहिला.

"बाई, फोटोतले डोळे काकांचे नाहीत. माझे आहेत."

"म्हणजे?"

तिने सांगितलं. मालक म्हणायचे, कुणाचेही लाव, इतकं कोण बघतंय. पण दुसऱ्यांचे डोळे नीट बसेनात. मग तिने खिडकीशी बसून स्वतःच्याच डोळ्यांचा फोटो काढला, कडेला सुरकुत्या घातल्या, भुवया दाट केल्या. ते बसले. घरची माणसं पाहून रडली. मग पुढच्या फोटोलाही तेच. असे अकरा जण झाले.

"आईचे डोळे मी आरशात शोधायचे," ती म्हणाली. "वाटलं, माझ्याकडे नाही तर नाही, कुणाच्या तरी घरी असतील." प्रदर्शनात तिला ते अकरा फोटो ओळीने लावायचे होते, प्रत्येकाखाली मूळचा, मिटल्या डोळ्यांचा. "तुमचा द्याल?"

बाईंनी भिंतीकडे पाहिलं. मग मान वळवून यजमानांना आठवून पाहिलं. चष्म्याची वाकडी काडी आठवली, वर्तमानपत्र आठवलं. डोळे मात्र हिचेच आले.

"चार वर्षं मी कुणाशी बोलत होते गं?"



बाईंचा आवाज शाळेत शिकवायच्या तेव्हाचा, वर्गातला झाला. "देईन. पण आधी उरलेल्या दहा घरी जायचं आणि हे असंच सांगायचं. न सांगता एकही फोटो भिंतीवर लागता कामा नये."

"ते देणार नाहीत, बाई."

"नाही तर नाही."

ती गेली. दहाही घरी गेली. एका मुलाने बापाचा फोटो तिच्यादेखत फाडला. दृष्टी गेलेले एक आजोबा बायकोच्या फोटोबद्दल म्हणाले, "राहू दे, पोरी, मला तशीही ती आता दिसत नाही," पण सुनेने फोटो खिळ्यावरून हलू दिला नाही. पाच-सहा जण थेट स्टुडिओत जाऊन भांडले. मालकांनी सगळ्यांसमोर हात वर केले. "हिने परस्पर केलं. मला काय कल्पना?" त्याच दिवशी तिला कामावरून काढलं.

प्रदर्शन ठरल्याप्रमाणे तीन दिवस झालं. दारावरच्या कागदावर 'नवोदित बहुमाध्यमी कलावंत' असं छापलं होतं. आत लांबलचक भिंत आणि तिच्यावर बाईंच्या यजमानांचा एकटा फोटो, खाली त्याचा मूळचा. वाचनालयातून चुकून वर आलेल्या एका गृहस्थांनी विचारलं, "बाकीचे यायचेत का अजून?"

"नाही," ती म्हणाली.

बाई दाराशी उभ्या होत्या. मी तुला उगाच पाठवलं, असं त्यांना म्हणायचं होतं. घरून तसं ठरवूनच निघाल्या होत्या. प्रत्यक्षात तोंडून निघालं, "पंखा जरा कमी कर गं." तिने कमी केला.

चौथ्या दिवशी तिने फोटो आणून स्वतःच्या हाताने खिळ्यावर लावला. बाईंनी चहा विचारला. उशीर होतोय, म्हणाली. तेव्हापासून बाई चहा स्वयंपाकघरात घेतात.

ती सध्या एका छापखान्यात औषधांच्या बाटल्यांवरची लेबलं जुळवते. नऊ ते सहा, रविवारी सुट्टी. संध्याकाळी घरी येऊन जेवते आणि झोपते, असं मावशी सांगते.