चारोळीसाठी खड्डा

निजामाच्या राजवटीत लग्न होऊन मी खुलताबादला आले. खिरीतली चारोळी फर्दापूरकडच्या डोंगरात झाडाला लागते, हे तिथंच कळलं. लावून पाहावी म्हणून बी आणवलं आणि मळ्यातली काळीभोर जमीन निवडली. शेजारच्या मळ्यातल्या चाची हसल्या.

"इथं नाय जमायचं. अगोदर पाणी ओतून बघ."

मी काळ्या मातीत एक आणि टेकाडावरच्या मुरमात एक खड्डा खणला. दोन्हींत दोन-दोन घागरी ओतल्या आणि सारखी जाऊन डोकावत राहिले. मुरमातलं पाणी दुपारपर्यंत जिरलं. काळ्या मातीतलं दुसऱ्या दिवशीही तसंच होतं.

"असल्या चिखलात मुळं कुजतात," चाची म्हणाल्या.

मुरमात शेणखत कालवून बिया पेरल्या. चार उगवल्या. हट्टानं एक काळ्या मातीतही पुरली होती; ती कधी वर आलीच नाही.