माझ्या टायपिस्टच्या चुका

औरंगपुऱ्यात एका कापड दुकानाच्या वर माझं ऑफिस आहे. वकिली सुरू केली तेव्हा तिथं खरोखरच एक टायपिस्ट होता. दोन वर्षांनी तो सोडून गेला, मी कॉम्प्युटर घेतला आणि स्वतःच टाईप करू लागलो. माणूस गेला, पण चुका करायची त्याची नोकरी मी चालूच ठेवली. दाव्यात गट नंबर चुकला, बापाच्या जागी मुलाचं वय पडलं, की माझा दुरुस्तीचा अर्ज तयार: ‘टायपिस्टच्या नजरचुकीने...’ आमच्याकडं सगळेच असं लिहितात. वकील चुकला असं लिहिलेला अर्ज मी तरी पाहिलेला नाही. माझ्या वकिलीबद्दल कुणी काहीही म्हणो, खापर फोडायला जगात नसलेलं डोकं शोधून काढणं सोपं नाही.

मग एक मावशी आल्या, शहराजवळच्याच गावातल्या. वाटणीत शेताचा पूर्वेकडचा भाग त्यांच्या नवऱ्याला आलेला, पश्चिमेकडचा दिराला. नवरा गेला आणि दीर पूर्वेकडच्या विहिरीवर हक्क सांगू लागला. मावशींची मोसंबीची बाग त्या एका विहिरीवर उभी होती. मी एक जुना दावा समोर ठेवून नवा टाईप केला आणि विहीर पश्चिमेकडच्या हिश्श्यात नेऊन ठेवली. दिराला वर्षभर जे जमलं नव्हतं, ते मी एका दुपारीत करून दिलं.

सही करण्याआधी मावशींनी विचारलं होतं, “वाचून दाखवता का, वकीलसायेब?” मला उस्मानपुऱ्यात एका लग्नाला जायचं होतं. “सगळं बरोबर आहे, करा सही,” मी म्हणालो. ते आठवलं की आजही स्वतःची लाज वाटते.

दिराच्या वकिलांना आयतंच कोलीत मिळालं. विहीर आमच्या हिश्श्यात आहे हे वादीच कबूल करतात, असं ते कोर्टात सांगू लागले. मी सवयीनं दुरुस्तीचा अर्ज दिला. न्यायाधीशबाईंनी तो शांतपणे वाचला.

“तुमचे टायपिस्ट फारच चुकतात, वकीलसाहेब. पुढच्या तारखेला त्यांना घेऊन या. चूक त्यांची, की तुमच्या पक्षकारांनीच तसं सांगितलं होतं, ते मी त्यांनाच विचारते.”

आता टायपिस्ट आणायचा कुठून? कोर्टाच्या आवारात टेबल टाकून बसणाऱ्या एका टायपिस्टला गाठलं आणि एका दिवसापुरते माझे व्हाल का, असं आडून आडून विचारलं. त्यांनी मानही वर केली नाही. “आमच्याच चुका लई झाल्यात सायेब, तुमच्या कुठं ठेवू?”

मावशींनाही मी तेच सांगितलं होतं, टायपिस्टनं घोळ केला म्हणून. त्यांनी विचारलं, “लेकरंबाळं हायेत का त्याला?” खोट्याला जरा वजन यावं म्हणून मी म्हणालो, “दोन मुली आहेत.”

तारखेला मी ‘टायपिस्ट आजारी आहे’ असं घोकून उभा राहिलो. न्यायाधीशबाईंनी विचारलं, “कुठं आहेत टायपिस्ट?” मी तोंड उघडतो तोच मागं मावशी हात जोडून उठल्या.

“बाईसायेब, त्या गरिबाला काय करू नका. दोन पोरी हायेत त्याला. चूक माझीच व्हय. म्याच विहीर पश्चिमेला सांगितली.”

“याची नोंद व्हावी!” दिराचे वकील उसळून उठले. मावशींची बाग त्या एका वाक्यात चालली होती.

“टायपिस्ट कुणी नाहीच,” मी म्हणालो. “टाईप मीच केलं. मावशींनी पूर्वच सांगितली होती, हे माझं त्या दिवशीचं टिपण. चूक माझी आहे.”

सगळं कोर्ट हसलं. दिराचे वकील तर सगळ्यात मोठ्यानं. न्यायाधीशबाईंनी टिपण पाहिलं, माझंच शपथपत्र घेतलं आणि अर्ज मंजूर केला. मी दाव्यात पश्चिम खोडून पूर्व लिहिलं आणि खाली सही केली.

बाहेर आल्यावर मी मोठ्या उत्साहानं म्हणालो, “मावशी, विहीर आली आपल्या बाजूला.”

त्या हसल्या नाहीत. “मंग त्या पोरी बी नाय?”

“नाहीत.”

त्यांनी पदर सावरला. “मला आधी खरं सांगितलं असतं, वकीलसायेब, तर म्या बी तिथं खरंच बोलले असते.”