अक्कांच्या कढईतले लसूण-बटाटे

जळगाव-धुळ्याकडच्या माझ्या बहिणींनो, तुमच्यापैकी जिच्या घरातलं माणूस गेलं आहे, तिला मी काय म्हणते ते लगेच कळेल. तेराव्यापर्यंत दारात चपला काढायला जागा नसते... आणि चौदाव्या दिवसापासून कुणी बेलही वाजवत नाही. हा आपल्या समाजाचा कोडगेपणा आहे, आणि मी त्याला दुसरं नाव देणार नाही.

पण या रागाचं करायचं काय, ते परवाच्या रविवारी कळलं. तेही बटाटे परतताना.

आमच्या समोरच्या घरात अक्का राहतात. माहेर-सासर दोन्ही फैजपूरकडचं, केळीवाल्या शेतकऱ्यांचं. गेल्या उन्हाळ्यात आबा, म्हणजे त्यांचे यजमान, गेले. मुलगा पुण्याला. ‘माझ्याकडे चल’ म्हणून तो थकला, पण अक्का घर सोडत नाहीत.

आबा गेले आणि अक्कांचं जेवण सुटलं. चहा, टोस्ट, फार तर दोन घास भात... हातातली पाटली कोपराकडे सरकायला लागली होती. मुलगा मला फोन करायचा, “ताई, आई जेवते का हो नीट?” काय सांगणार त्याला!

दिवाळीतही त्यांच्याकडे काही तळलं नाही. दुखवट्याच्या घरात कढई चढत नाही, एवढं मला ऐकून ठाऊक होतं. आमच्या बौद्ध घरात ही रीत नाही, आणि माझं तर निम्मं आयुष्य व्यासपीठावरून अशा रूढींवर तुटून पडण्यात गेलेलं.

तर शनिवारी मी घरी ओव्हनमध्ये लसूण-बटाटे भाजले. छोटे बटाटे सालासकट उकडायचे, तळहातानं जरा चेपायचे, वरून तेल, मीठ, मिरपूड आणि ठेचलेला लसूण. कडा कुरकुरीत, आत मऊ लुसलुशीत. डबा भरून अक्कांच्या हातात दिला, “गरम आहेत तोवर खा” म्हटलं आणि व्याख्यानासाठी धुळ्याची गाडी गाठली.

रात्री उशिरा परतले. रविवारी सकाळी खिडकीतून बघते तर काय... अक्का फाटकापाशी उभ्या, आणि माझे बटाटे गायीपुढे! गायीनं ते हुंगले आणि तोंड फिरवलं.

मी तरातरा निघाले आणि उंबरठ्यातूनच सुरू झाले. गेलेल्या माणसासाठी जिवंत बाईनं उपाशी का राहायचं? बायको गेलेल्या पुरुषाच्या घरातली कढई कुणी कधी उतरवली आहे का? कुणी केले हे नियम? अक्का दाराला टेकून सगळं शांतपणे ऐकत होत्या.

“झालं का भाषन?” त्या म्हणाल्या. “आता बस. पानी पी.”

मी पाणी प्यायले.

“तुले कोनी सांगलं, मले कोनी मना केलं म्हनून? आमच्या घरची रीत अशी, का दुखातली कढई घरच्या बाईनं चढवायची नाही. माहेरचं मानूस येतं. पहिलं तेल ते टाकतं, अन् मंग जवळ बसून जेवाले लावतं.” त्यांनी माझ्या हातातला रिकामा पेला घेतला. “भाऊ व्हता, तो बी गेला. आता माहेरी कोन हाये माह्यं? अन् तू... तू डबा ठेवला अन् पळाली.”

रूढींशी माझं भांडण आहे आणि राहील. पण ही रीत अक्कांना उपाशी ठेवण्यासाठी नव्हतीच. ती बाकीच्यांना त्यांच्या स्वयंपाकघरापर्यंत आणण्यासाठी होती... आणि येणारंच कुणी उरलं नव्हतं.

मी हळूच विचारलं, “अक्का, मी चढवली तर चालेल? मी काही तुमच्या माहेरची नाही... तुमच्यातलीही नाही.”

“इतके वर्षं अक्का म्हनते ना मले? मंग बहीनच झाली. ऊठ, कढई वरच्या फळीवर हाये.”

लोखंडी कढईला गंज चढला होता. ती चिंचेनं घासली, बटाटे त्यांच्याच टोपलीतले घेऊन उकडले. मग पहिलं तेल मी ओतलं आणि बटाटे सोडले.

लसूण टाकायला निघाले तशी अक्कांनी मनगटच धरलं. “बटाटे लाल होऊ दे आधी. जाळ भाषनात चालतो माय, लसनाले चालत नाही!”

मग लसूण पडला. त्याचा वास आधी ओट्यावर, मग बैठकीत, मग आबांच्या रिकाम्या खाटेपर्यंत गेला. अक्कांनी पदर डोळ्यांना लावला. कढईत अजून तिखट पडलं नव्हतं.

आम्ही एकाच ताटात जेवायला बसलो. आबांच्या नावाचा एक बटाटा त्यांनी बाजूला काढला. मग एक खाल्ला. मग आणखी एक... आणि एकदम पदर खोचून उठल्या. “भाकर पायजे याच्यासंगं. तू बस, मी टाकते. तुही भाकर लय जाड व्हते.”

त्या दिवशी मुलाचा फोन आला तेव्हा मी एवढंच म्हणाले, “जेवली रे आई.”

बहिणींनो, तुमच्या गल्लीतही असं एक घर असणार. येत्या रविवारी तिथे जा. डबा नेऊ नका. चार बटाटे आणि लसणाचा एक गड्डा न्या, तिला विचारून तिच्याच गॅसवर कढई ठेवा... आणि तिचं जेवण होईपर्यंत तिच्या शेजारून उठू नका.