न फुटणारी ताटली

कुठलीही वस्तू शाबूत पोचवण्याचा सालकीनबाईंना रोगच जडला होता, आणि त्या रोगावरच त्यांची सारी बढती झाली! फ्रुंझे शहरातल्या चित्रपट स्टुडिओत त्या आल्या नटांच्या कपड्यांना टाके घालायला. पण पाहता पाहता घोडे, तंबू, नट, नटांचे रुसवे, सगळं डोंगरावर सुखरूप चढवू लागल्या. अखेर एक अख्खा चित्रपट हाती आला. निर्मिती व्यवस्थापक!

दिग्दर्शक दोरोनबेक मात्र कुरकुरत होता. "पहिल्या दिवशी एवढंसं जरी बिनसलं, तरी मी आपल्या जुन्या व्यवस्थापकाला, बेकतुरसुनला, तार करणार. सांगून ठेवतोय."

तो दिवस उजाडला. उंच कुरणावर असा गारठा, की दातांचा ताशा वाजावा! रिवाजाप्रमाणे सगळ्यांनी ताटलीवर नावं लिहिली. ती कॅमेऱ्याच्या तिपाईवर आपटून फोडायची, तुकडे वाटून घ्यायचे, मगच चित्रीकरण. दोरोनबेकने हात उगारला.

टण्ण!

पुन्हा टण्ण! बाजूला चरणाऱ्या मेंढ्या उधळल्या.

"एजे, ही पत्र्याची आहे!" कॅमेरामन असान ओरडला. थोरल्या बहिणीला तिकडे एजे म्हणतात.

"मग? चिनीमातीची रस्त्यात फुटली नसती?" सालकीनबाई बोलून गेल्या, आणि स्वतःच तोंडावर हात ठेवला.

"फोडायलाच आणायची होती ना, एजे!"

असानने हातांची घडी घातली. "ताटली फुटल्याशिवाय मी कॅमेरा चालवणार नाही. मागच्या खेपेला नाही फोडली, तर नायकाला गालगुंड झालं."

सालकीनबाई मेंढपाळांच्या तंबूकडे धावल्या. तिथे सगळी लाकडी भांडी. चिनीमातीचे दोन पेले होते, ते तिथल्या एका म्हातारीने छातीशी धरले. "हात लावून बघ, कुत्रा सोडते!"

"तारघर कुठेशी आहे हो?" मागून दोरोनबेकचा आवाज आला.

बाई गर्रकन वळल्या. नजर खाली गेली, तर दाराशी पाण्याचं घमेलं. पाणी कसलं, त्याचा दगड झालेला! त्यांनी घमेलं उपडं केलं. गोल, गरगरीत, चकचकीत बर्फाची ताटली!

"खिळा आणा! नावं कोरा!"

"अहो, तुकडे जपून ठेवायचे असतात. हे वितळणार!" असान म्हणाला.

"मग खा! पोटात गेलं की कोण हरवणार आहे?"

खळ्ळ! एका टोल्यात शंभर तुकडे. सगळं युनिट कडाकडा चावू लागलं. मेकअपवाली किंचाळली, नायकाची मिशी गळाली, दोरोनबेकच्या डोळ्यांतून हसून हसून पाणी वाहू लागलं.

"बेकतुरसुनला झोपू दे घरी," तो धापा टाकत म्हणाला. "असान, चालव कॅमेरा!"

कॅमेरा चालू झाला, आणि उधळलेल्या मेंढ्या नेमक्या चौकटीत घुसल्या. त्यांच्यामागे नवी निर्मिती व्यवस्थापक, झगा गुडघ्यापर्यंत उचलून, हुर्र हुर्र करत सुसाट!