समोरचीचा उपासाचा केक

गव्हाशी कायमचं भांडण मांडून बसलेली बाई मुंबईत एकच असेल, आणि ती बोरिवलीत माझ्या दारासमोर राहते. नुसता गहू नाही. तांदूळ, ज्वारी, बाजरी, मका, कुणालाच तिच्या घरात थारा नाही. कधीकाळी पोट बिघडलं म्हणून डॉक्टरने थोडे दिवस गहू बंद सांगितला होता. पोट सुधारलं, डॉक्टर दवाखाना विकून गावी गेला, ही अजून पथ्यावर, आणि बाकीची धान्यं तिने आपणहून हाकलली. बरं, पथ्याची माणसं तोंड पाडून बसतात. ही ओव्हन घेऊन बसली. शिंगाड्याच्या पिठाची ब्राउनी, रताळ्याचा टार्ट, सुरणाचे मफिन. याला ती फ्युजन म्हणते. ओव्हनसमोर स्टूल टाकून काचेतून आत बघत राहते, जशी काय आत मालिका लागलीय. दोन्ही हात पिठात, म्हणून आमची बेल कोपराने दाबते. ती वाजतच राहते. दार उघडलं की बशी पुढे. "काका, पहिल्या घासाला काही बोलू नका. तिसऱ्याला बोला." सुरणाच्या मफिनला मी तिसऱ्या घासापर्यंत थांबलो आणि म्हटलं, "घसा खाजतोय गं." तर म्हणाली, "खाजणारच. पण फुगलाय कसा ते बघा ना." फुगला होता खरा. फसेल ते पुन्हा भाजायचं, असा धीर मी दुसऱ्या कुणात पाहिला नाही. आमची ही तिला तोंडावर म्हणायची, "भाकरीला काय धाड भरलीय गं?" आणि वर दुसरा तुकडा मागायची.

आमची ही नवरात्राचे नऊ उपास करायची. यंदा ती नाही. ती जाऊन वर्ष सरलं नाही म्हणून घट बसवला नाही, पण तिचे उपास मी धरले. जन्मात कधी एकादशी केली नव्हती, त्यामुळे कुणाला सांगायची लाज वाटली. तिच्या नावाचा एकही मोडायचा नाही, एवढंच मनाशी होतं.

अष्टमीला दुपारी, ऑक्टोबरचं ऊन भाजत असताना, समोरचीने बिल्डिंगमधल्या उपासवाल्या बायकांना चहाला बोलावलं. पुरुषांत मी एकटा. राजगिऱ्याचा केक होता, अंडं नाही, दही घातलेला, वर खोबरं आणि वेलची. "उपासाला चालतो काका, डोळे मिटून खा."

"मला कुठला आलाय उपास?"

"मग रोज पिशवीभर रताळी कुणासाठी नेता?"

तिने पुढे काही विचारलं नाही, माझा तुकडा तेवढा मोठा कापला. झकास झाला होता. तिसऱ्या घासाची वाट न बघता मी तसं सांगून टाकलं.

संध्याकाळी बेल वाजली. बोटाने, छोटीशी. समोरची हातात बेकिंग पावडरची डबी घेऊन उभी.

"काका, वाट लागली. मागे बारीक अक्षरात लिहिलंय, यात मक्याचं पीठ असतं. माझ्या घरात मका, आणि मी कधी वाचलंच नाही. सगळ्यांना सांगून आले. बायका म्हणाल्या, असू दे. तुमच्याकडे यायला मात्र पाय उचलेना." मग हळूच म्हणाली, "काकींसाठी धरला होतात ना?"

वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. एकच दिवस राहिला होता. पण तिचा चेहरा बघितला आणि मला आमची ही आठवली. स्वतः उपाशी राहून माझ्यासाठी आमटी करायची. सवयीने थेंब तळहातावर घ्यायची, जिभेला लावायची आणि मग तोच हात कपाळावर मारायची. देवीला म्हणायची, "चुकलं बाई, समजून घे." दुसऱ्या दिवशी पुन्हा उपास.

"आत ये," मी म्हटलं. "तुझ्या काकीचा दरवर्षी एक तरी उपास आमटीत बुडायचा. माझा राहिला होता, तो तू बुडवलास. आता बरोबर तिच्यासारखे झाले."

ती डोळे पुसत बसली. चहा मी ठेवला. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा ओट्यावर दोन कप निघाले. घोट घेऊन ती म्हणाली, "साखर कमी आहे काका."

कमीच होती. चाखायचं काम आमच्या हिचं होतं.