चंद्रीचा रिटेक

म्हशीकडे रिटेक मागायचा नसतो, हे मला कुणीच सांगितलं नव्हतं.

मी भोरला शाळामास्तर. नवा कॅमेरा घेतला आणि पहिला माहितीपट ठरवला: डोंगरातली जनावरांची ने-आण. (विषय ऐकून बायको पाच मिनिटं हसत होती!) सासऱ्यांची म्हैस चंद्री पहिल्यांदाच गाभण होती. वेल्ह्याच्या वरच्या अंगाला त्यांची वाडी. रस्ता दरडीखाली गेलेला, डॉक्टर पोचणार कसा? म्हणून रेडकू होईपर्यंत तिला विंझरला माझ्या मेव्हणीकडे ठेवायचं ठरलं. टेम्पो खाली ओढ्यापाशी उभा होता.

तासभर सासऱ्यांनी चंद्रीला लेकीसारखं जपत, एकेक खूर बघत उतरवलं. शेवटचा अवघड उतार संपला आणि मला दिसलं, चित्रात नुसतं ऊनच आलं होतं!

"मामा, तेवढा उतार परत एकदा होईल?"

सासरे बघतच राहिले. "परत? म्हंजी हिला वर चढवायची?"

"दहाच पावलं!"

"जावईबापू, गाभण हाय वो ती!"

"न्या वो," मागून आलेल्या सासूबाई म्हणाल्या. "जावयाचा हट्ट हाय."

बिचारी चंद्री पुन्हा वर गेली. मी कॅमेरा सासूबाईंच्या हाती दिला आणि ऊन अडवायला छत्री उघडली. फाट!

पुढचं मला नीट आठवत नाही. चंद्री सुसाट निघाली, सासरे दाव्यामागून फरपटले आणि मी छत्रीसकट करवंदीच्या जाळीत!

"लागलं का?" सासरे ओरडले.

"हो मामा, घोटा..."

"तुमाला न्हाई वो, हिला!"

चंद्री ओढ्यापाशी थरथरत उभी होती. सासऱ्यांनी तिच्या पोटावर हात ठेवला. मी लंगडत खाली पोचलो. रेडकाला काही झालं असलं तर? माझ्या एका चित्रापायी?

"हलतंय!" सासरे पुटपुटले. त्यांचे डोळे भरले होते. माझेही. (माझे थोडे काट्यांमुळेही!)

"आधी कुणाला चढवायचं?" टेम्पोवाल्यानं विचारलं.

"म्हशीला! पाव्हणं चढत्यात उडी मारून."

उडी! मी रांगत चढलो आणि चंद्रीच्या पायाशी बसून विंझर गाठलं.

तिथं डॉक्टर वाट बघत होते. त्यांनी चंद्रीला तपासलं. "दोघं ठणठणीत आहेत." मग त्यांची नजर माझ्या भोपळ्याएवढ्या घोट्यावर गेली. "माफ करा, मी फक्त जनावरं तपासतो."

"मग तपासा की दाजींना!" मेव्हणी म्हणाली. "टेम्पोतनं दोन उतरलीत."

मी मुकाट्यानं पाय पुढं केला.